कात्रीनं कार्ड बंद होत नाही

पत्र थोडक्यात: सिंहगड रोडला राहणाऱ्या, एका शाळेच्या कार्यालयात नोकरी करणाऱ्या भगिनींचं हे पत्र आहे. २०१९ च्या दसऱ्याला नगर रोडवरच्या एका मॉलमध्ये पडदे आणि साड्या घेताना काउंटरवरच्या मुलीनं ‘मॅडम, आमचं कार्ड घ्या, पहिल्या खरेदीवर ७५० रुपये सुटतील’ असं म्हणत फॉर्म भरून घेतला. त्यांच्या स्वतःच्या नावावरचं हे पहिलं क्रेडिट कार्ड. मर्यादा १,१०,००० रुपये, वर्षाची फी ९९९ अधिक जीएसटी, आणि ती दर ऑक्टोबरला पडते. २०२२ मध्ये पगाराच्या बँकेनं दुसरं कार्ड दिलं, बिनफीचं, मर्यादा ६०,०००. दोन्ही मिळून महिन्याला साधारण ३४,००० खर्च होतो आणि बिल दरवेळी पूर्ण भरलं जातं. यंदा दसऱ्याला धायरीत फ्लॅट बुक करायचा आहे, ४० लाखांचं कर्ज लागेल. यजमान म्हणतात, ‘ते दुकानाचं कार्ड आधी बंद कर, फुकटची फी.’ शाळेतली मैत्रीण म्हणते, ‘कार्ड बंद केलंस की सिबिलचे पन्नास गुण गेलेच म्हणून समज.’ (सिबिलचे गुण म्हणजे उधार वापरण्या-फेडण्याच्या सवयीवरून मिळणारा स्कोअर.) बाई विचारतात: दुकानात जाऊन कार्ड परत केलं की सुटेन का? की कापून टाकू? की पडून राहू देऊ? ताजा कलम: ‘त्या काउंटरवरच्या मुलीला वाईट तर वाटणार नाही ना?’

ताई,

ताज्या कलमाचं उत्तर शेवटी देतो, पण ते वाचून बरं वाटलं.

आधी ‘दुकानाचं कार्ड’ या शब्दांपाशी थांबू. कार्ड हातात घ्या आणि उलटं करा. पुढं दुकानाचं नाव ठसठशीत, मागं बारीक अक्षरात एका बँकेचं नाव. मालक तो मागचा. दुकानानं तुम्हाला उधार दिलेलं नाही, उधार बँकेनं दिलंय. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार अशा जोडनावाच्या कार्डात दुकानाचं काम एवढंच: कार्डाची जाहिरात करायची, ते लोकांपर्यंत पोचवायचं आणि कार्डधारकाला आपल्या मालावर सवलत द्यायची. तुमचं खातं उघडणं-मिटवणं त्यांच्या हातात नाही. तुम्ही रिक्षा करून नगर रोडला गेलात, काउंटरवर कार्ड ठेवलंत आणि समोरच्या मुलीनं हसून ‘हो मॅडम, ठेवून जा’ म्हटलं, तरी खातं जसंच्या तसं चालू राहील. ऑक्टोबरात फी पडेल. ती तुम्ही भरणार नाही, कारण तुमच्या लेखी कार्ड परत केलेलं असेल. गडबड सुरू होते ती इथून.

आणि कात्रीचं म्हणाल, तर त्यात माझा स्वतःचा अनुभव आहे. सांगायला लाज वाटते, कारण मी तेव्हा बँकेतच नोकरीला होतो.

२०१४ ची गोष्ट. माझ्याकडेही असंच एक कार्ड होतं, एका मोठ्या दुकानाच्या नावाचं. एकदा बिल भरायला चार दिवस उशीर झाला, दंड लागला, मी चिडलो. दंडासकट सगळी रक्कम भरली आणि स्वयंपाकघरातल्या कात्रीनं कार्डाचे चार तुकडे केले. सौभाग्यवतींनी ‘ती कात्री कोथिंबिरीची आहे’ म्हणून वर बोलणी दिली. मला मात्र मोठं काम उरकल्यासारखं वाटलं. घर बदललं होतं, जुन्या पत्त्यावर येणारी बिलं कुणी पाठवली नाहीत. दोन वर्षांनी गाडीसाठी कर्ज काढायला गेलो, तर समोरच्या अधिकाऱ्यानं स्क्रीन माझ्याकडे वळवली. तिच्यावर माझा क्रेडिट अहवाल होता, म्हणजे कुठं किती उधार घेतलं आणि कसं फेडलं याची नोंद. महिन्यांच्या रांगेत चौकोन, आणि सहा चौकोनांत शून्याऐवजी थकलेल्या दिवसांचे आकडे. थकबाकी कसली, तर त्या चार दिवसांच्या उशिरामुळं लागलेल्या व्याजाची. बिल निघाल्यावर ते मी पैसे भरेपर्यंत जे व्याज चढलं ते पुढच्या बिलात आलं होतं, दोनशे बारा रुपये. त्यावर दंड, दंडावर कर, पुन्हा व्याज, मध्येच वार्षिक फी. दोनशे बाराचे तीन हजार झाले होते.

खरी गंमत पुढं आहे. मी वसुलीवाल्यांना फोन केला. पलीकडचा पोरगा फार गोड बोलला, ‘सर, पंधराशे द्या, सेटल करून टाकतो.’ मी पैसे भरणारच होतो. त्या कर्ज-अधिकाऱ्यानंच मला थांबवलं. म्हणाला, ‘काका, पूर्ण भरा. सेटल म्हणजे बँकेनं पाणी सोडलं, असा शेरा बसतो. क्लोज्ड वेगळं, सेटल्ड वेगळं.’ पंधराशे वाचवण्याच्या नादात मी अहवालावर वर्षानुवर्षं राहणारा डाग लावून घेणार होतो. बँकेत बावीस वर्षं काढलेला माणूस!

तेव्हा कात्री ड्रॉवरमध्येच राहू द्या.

आता मैत्रिणीचे पन्नास गुण. कार्ड बंद केल्याबद्दल इतके गुण वजा, असा काही दंड ठरलेला नाही. स्कोअर ३०० ते ९०० मध्ये असतो आणि तो बेतला जातो तो तुम्ही उधार कसं वापरता आणि कसं फेडता त्यावर. कार्ड बंद केल्यानं धक्का बसू शकतो, पण तो ‘बंद’ या शब्दामुळं नाही. तो बसतो एका साध्या भागाकारामुळं.

तुमचाच भागाकार करू. दोन्ही कार्डांची मर्यादा मिळून १,७०,०००. महिन्याचा खर्च ३४,०००. म्हणजे मिळालेल्या उधारीतली २० टक्के तुम्ही वापरता. छान आहे, तीसच्या आत असावं असा ढोबळ ठोकताळा आहे आणि तुम्ही बऱ्याच आत आहात. आता दुकानाचं कार्ड गेलं असं धरा. खर्च तेवढाच, मर्यादा उरली ६०,०००. वापर झाला जवळजवळ ५७ टक्के. तुम्ही एक रुपया जास्त खर्च केलेला नाही, एक हप्ता चुकवलेला नाही, तरी कागदावर अचानक ओढगस्तीला आलेल्या दिसता. मैत्रीण म्हणते त्यात तथ्य असलंच तर एवढंच आहे. यजमानांच्या बोलण्यातही तथ्य आहे, ११७९ रुपये वर्षाला कशाला घालवायचे? दोघं बरोबर आहेत. फक्त दोघांनीही तारीख लक्षात घेतलेली नाही.

दुसरी भीती ‘पहिलं कार्ड’ याची. तुम्ही लिहिता, ‘माझ्या नावावरचं ते पहिलं काहीतरी आहे, ते गेलं की माझा इतिहासच जाईल.’ घर भाड्याचं, गॅस यजमानांच्या नावावर, वीजबिल घरमालकाच्या नावावर, हे मी समजू शकतो. पण खातं मिटलं म्हणून अहवालातून ते पुसलं जात नाही. २०१९ साली उघडलं, अमुक साली मिटवलं, मधल्या काळात वेळेवर फेडलं, ही नोंद पुढं कित्येक वर्षं तुमच्याच नावावर राहते. जुनं खातं चालू असण्याचा फायदा हळूहळू कमी होईल हे खरं, पण उद्या सकाळी शाळेतून नाव कमी झाल्यासारखं काही होत नाही.

आता तुम्ही न विचारलेला एक प्रश्न मी विचारतो. हे कार्ड बंद करावंसं नेमकं का वाटतंय? फीमुळं, असं पत्रात आहे. पण मधेच एक वाक्य येऊन गेलंय: ‘सेलचा मेसेज आला की मी जाऊन बघून येते, आणि बघून येणं म्हणजे काय ते तुम्हाला माहीत आहे.’ माहीत आहे. मेट्रोनं रामवाडीहून वनाजकडं येताना संध्याकाळी मोठ्या कागदी पिशव्या घेऊन बसलेल्या अर्ध्या बायका आणि पाऊण पुरुष बघूनच परतलेले असतात. हे कारण असेल, तर ते फीपेक्षा कितीतरी मोठं आहे. पाचशे पॉइंटांसाठी पाच हजारांची खरेदी करायला लावणारं कार्ड फुकट मिळालं तरी महागच. तसं असेल तर मी सांगतो त्या कालावधीत कार्ड कपाटात वर ठेवा आणि दुकानाचे मेसेज आजच बंद करा. खातं चालू ठेवणं आणि खरेदी चालू ठेवणं या दोन निराळ्या गोष्टी आहेत.

मात्र यजमान म्हणत असतील की ‘उधारीच वाईट, सगळी कार्डं बंद कर’, तर त्यांना एक विचारा: मग चाळीस लाखांचं कर्ज कशाच्या जोरावर मागायचं? उधार घेऊन वेळेवर फेडल्याचा पुरावा बँकेला हवा असतो, आणि तुमच्या घरात तो तुमच्याकडं आहे, सहा वर्षांचा.

तर माझा सल्ला: कार्ड बंद करा, पण आत्ता नको. कर्ज मंजूर झाल्यावरही लगेच नको, कर्जाचा पहिला हप्ता बिल्डरच्या खात्यात गेल्यावर. मंजुरीपत्र हातात आलं की लोकांना वाटतं गंगेत घोडं न्हालं. पण मंजुरी आणि पैसे सुटणं यात महिना-दोन महिने जाऊ शकतात, आणि पैसे सोडण्याआधी बँक तुमचा अहवाल पुन्हा काढून बघू शकते. त्या मधल्या काळात नवं-जुनं काहीच हलवायचं नाही. कार्ड बंद नाही, नवं कार्ड नाही, दिवाळीचा टीव्ही हप्त्यावर नाही.

यात कदाचित एका वर्षाची फी जाईल. यजमानांना हा हिशोब दाखवा: बऱ्याच बँका गृहकर्जाचा व्याजदर ठरवताना स्कोअर बघतात आणि त्यानुसार दर थोडा वरखाली करतात. ४० लाख, वीस वर्षं. साडेआठ टक्क्यांनी हप्ता येतो सुमारे ३४,७१३ आणि पावणेनऊनं ३५,३४८. पाव टक्क्याला महिन्याला ६३५ रुपये. दोन महिन्यांत तुमची वर्षाची फी वसूल. तुमच्या बाबतीत पाव टक्का वाढेलच असं नाही. पण ११७९ रुपयांसाठी तो धोका घ्यावा असं मला वाटत नाही.

शिवाय फी टळूही शकते. सप्टेंबरातच, फी पडायच्या आधी, कार्डाच्या मागच्या नंबरवर फोन करा. दुकानाला नाही, बँकेला. सरळ म्हणा, ‘फीमुळं कार्ड बंद करायचा विचार आहे.’ एवढं ऐकलं की फोन दुसऱ्या माणसाकडं जातो, आणि तो माणूस फारच आपुलकीनं बोलतो. फी माफ करतो म्हणेल, किंवा इतक्या हजारांचा खर्च केला तर परत करतो म्हणेल. पहिलं घ्या, दुसरं घेऊ नका. आणि जे काही कबूल करेल ते मेसेजवर किंवा ईमेलवर मागा. ‘सिस्टीममध्ये टाकलंय मॅडम’ याला काही अर्थ नसतो. त्याच बँकेचं बिनफीचं साधं कार्ड बदलून मिळतं का, तेही विचारा. पण मग एक प्रश्न नक्की: ‘खातं तेच राहणार का, सुरू झाल्याची तारीख तीच राहणार का, की जुनं बंद करून नवं उघडणार?’ नवं उघडणार असतील तर घराचं काम होईपर्यंत राहू द्या. नव्या अर्जाची चौकशी अहवालात नोंदली जाते आणि गृहकर्जाच्या तोंडावर अशा नोंदी वाढवणं शहाणपणाचं नाही.

कार्ड ‘पडून राहू दे’ हा तिसरा मार्गही कायमचा नाही. वर्षाहून जास्त काळ कार्ड वापरलंच नाही, तर बँक तुम्हाला कळवून ते बंद करण्याची प्रक्रिया सुरू करते. तीस दिवसांत उत्तर दिलं नाहीत आणि बाकी काही नसेल तर बंद करून टाकते. म्हणजे नेमकं कर्जाच्या आठवड्यातही होऊ शकतं. तोवर दोन महिन्यांतून एकदा शाळेजवळच्या दुकानातून किराणा घ्या त्यावर, आणि बिल आलं की भरा.

कार्ड बंद करण्याआधी एक काम उरकून ठेवा: बंद झाल्यानंतरच्या त्या भागाकाराची तयारी. पगाराच्या बँकेचं कार्ड २०२२ पासून आहे आणि कधी चुकलेलं नाही. घराचं काम झालं की मर्यादा वाढवून मागा. स्वतःहून बँकेनं विचारलं तर संमती द्या. तुमच्या संमतीशिवाय ती वाढवता येत नाही. मर्यादा वाढली म्हणून खर्च वाढवायचा नसतो, हे तुम्हाला सांगायला नको, पण कुणाला तरी सांगायला हवं. आणि मर्यादा नाहीच वाढली तरी सोपा उपाय आहे. बिल निघायच्या चार दिवस आधी काही रक्कम भरून टाका. ३४,००० पैकी २०,००० आधीच भरलेत तर बिल निघेल १४,००० चं, म्हणजे ६०,००० वर २३ टक्के. १ जानेवारी २०२५ पासून बँकांना निदान पंधरवड्यातून एकदा ही माहिती स्कोअर काढणाऱ्या कंपन्यांना पाठवावी लागते, त्यामुळं आकडा सुधारलेला दिसायला पूर्वीसारखा वेळ लागत नाही.

आता प्रत्यक्ष बंद करण्याची वेळ आली असं धरू. कपाटातून कार्ड काढलं, चहा ठेवला, कागद-पेन घेतलं.

पहिलं बघायचं, या कार्डावर अजून कोण कोण लटकलंय. तुम्ही लिहिलंय की वॉशिंग मशीनचे नऊ हप्ते यावर आहेत, शेवटचा सप्टेंबरात. तो संपला असेल याची खात्री करा. हप्ते शिल्लक असताना कार्ड बंद करायला गेलात तर उरलेली सगळी रक्कम एकदम भरावी लागते, वर बहुतेक बँका मुदतपूर्व फेडीचं शुल्क आणि त्यावर १८ टक्के जीएसटी लावतात. मग आपोआप कापली जाणारी बिलं. मोबाइल, विम्याचा हप्ता, मुलाचं सिनेमे बघण्याचं ॲप. विमा जपा. मोबाइलचं बिल चुकलं तर दोन दिवस फोन बंद राहतो, विम्याचा हप्ता चुकला तर पॉलिसीच जाऊ शकते. ही सगळी आधी दुसऱ्या कार्डावर हलवा आणि नव्या कार्डावरून एकदा पैसे कापले गेलेले डोळ्यांनी बघा. यजमानांकडं याच खात्याचं जोडकार्ड आहे, तेही तुमच्याबरोबरच बंद होईल, त्यांना आधी सांगा. नाहीतर पेट्रोल पंपावर कळेल. दुकानात काही परत केलेलं असेल आणि पैसे यायचे असतील, तर ते येऊ द्या.

मग बिल पूर्ण भरा. ‘किमान देय’ नव्हे, पूर्ण. आणि त्यानंतर वापर थांबवून पुढचं बिल येऊ द्या. ते शून्याचं आलं, तरच पुढं जा. माझ्या दोनशे बारा रुपयांनी मला शिकवलेली ही एकच गोष्ट आहे, पण ती मी येईल त्याला सांगतो. तुम्ही कायम पूर्ण बिल भरता, तुम्हाला बहुधा व्याज नसेलच. ज्या वाचकांनी गेल्या काही महिन्यांत कधी अर्धवट भरलंय, त्यांनी मात्र एक नाही, दोन कोरी बिलं बघावीत.

आता अर्ज. फोन, ईमेल, बँकेचं ॲप, वेबसाइट, कुठूनही करता येतो. ‘पोस्टानं पत्र पाठवा’ असा आग्रह बँकेला धरता येत नाही. मी तुमच्या जागी असतो तर ईमेल केला असता, कारण त्याचा कागद राहतो. चार ओळी पुरेत: नाव, कार्डाचे शेवटचे चार आकडे, ‘माझ्या विनंतीवरून हे क्रेडिट कार्ड खातं कायमचं बंद करावं, जोडकार्डासह’, आणि ‘बंद केल्याचं पत्र व बाकी शून्य असल्याचा दाखला पाठवावा’. पूर्ण कार्ड नंबर लिहायचा नाही. पिन, ओटीपी तर कुणी देवदूत मागायला आला तरी नाही. विनंतीचा क्रमांक मिळेल, तो वहीत उतरवा.

यानंतर त्या आपुलकीच्या माणसाचा फोन पुन्हा येईल. ‘मॅडम, लाइफटाइम फ्री करून देतो, कशाला बंद करता?’ खरोखर फुकट करून लेखी देत असेल आणि सेलचा मोह तुम्हाला त्रास देत नसेल, तर ठेवायला माझी हरकत नाही. मोह होत असेल तर ‘नको, धन्यवाद’ म्हणा आणि कारण सांगत बसू नका. आपण पुणेकर नाही म्हणायला भितो असं कुणी म्हणत नाही, पण गोड आवाज समोर आला की भले भले पाघळतात.

बाकी काही नसेल तर बँकेनं कामाच्या सात दिवसांत कार्ड बंद केलंच पाहिजे. हा रिझर्व्ह बँकेचा २०२२ चा नियम आहे. सात दिवस उलटले तर पुढच्या प्रत्येक दिवसाला ५०० रुपये तुम्हाला द्यावे लागतात, खातं बंद होईपर्यंत. हे वाक्य ईमेलमध्ये पहिल्याच दिवशी धमकीसारखं लिहू नका, पण नवव्या-दहाव्या दिवशी आठवण करून द्यायला फार उपयोगी आहे. खात्यात तुमचेच काही पैसे जमा राहिले असतील तर ते तुमच्या बँक खात्यात परत येतात. आणि काम अडलंच, तर आधी बँकेकडं तक्रार करा. तक्रार करून तीस दिवस झाले तरी दाद लागली नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडं ऑनलाइन फुकट जाता येतं. तिथं आधी बँकेकडं केलेल्या तक्रारीचा पुरावा मागतात. म्हणून म्हटलं, ईमेल.

काम इथं संपलं असं वाटेल, पण अजून एक बाकी आहे. महिना-दीड महिन्यानं स्वतःचा अहवाल काढा. लोक ‘सिबिल’ म्हणतात, पण अशा कंपन्या चार आहेत: ट्रान्सयुनियन सिबिल, एक्सपेरियन, इक्विफॅक्स आणि सीआरआयएफ हाय मार्क. प्रत्येकीकडून वर्षातून एकदा पूर्ण अहवाल फुकट मिळतो. स्वतःचा अहवाल स्वतः बघितल्यानं गुण कमी होतात, हाही शाळेच्या स्टाफरूममधला गैरसमज आहे. तसं होत नाही. त्यात या खात्यासमोर ‘क्लोज्ड’ असावं, बाकी शून्य असावी, आणि तारीख असावी. ‘सेटल्ड’ किंवा ‘रिटन ऑफ’ (म्हणजे बँकेनं बुडीत धरलेलं) दिसलं, तर बँकेचा दाखला जोडून त्या कंपनीकडं आणि बँकेकडं दुरुस्ती मागा. तीस दिवसांत निकाल लागला नाही तर दिवसाला १०० रुपये भरपाईची तरतूद आहे.

खरं तर एक अहवाल आजच काढा, जुलैतच. गृहकर्जाच्या अर्जाआधी त्यात काही भलतंच दिसलं, दुसऱ्याच कुणाचं कर्ज, चुकीची जन्मतारीख, तर दुरुस्त करायला दोन महिने हातात राहतील. कार्डापेक्षाही हे आधी करा.

तुमच्यासारखंच पत्र आणखी दोघांनी पाठवलंय, त्यांनाही इथंच उरकतो. हडपसरचे वाचक: तुमचं दुकानाचं कार्ड जेमतेम आठ महिन्यांचं, मर्यादा पंधरा हजार, दुसरी तीन कार्डं आहेत आणि कर्जबिर्ज काढायचं नाही. मग इतका विचार कशाला? बिल शून्य करा आणि बंद करा, याच आठवड्यात. आणि नुकत्याच नोकरीला लागलेल्या मुलीला: तुझं हे एकच कार्ड आहे, तर आधी त्याची जागा घेणारं काहीतरी कर. बँकेत मुदत ठेव ठेवून तिच्यावर कार्ड मिळतं, ते घे, सहा महिने नीट वापर, मग हे मिटव. ज्यांच्यावर बाकी आहे आणि भरणं जमत नाही, त्यांच्यासाठी हा लेख नाही. त्यांनी कार्ड बंद करण्याचा विचार बाजूला ठेवून आधी बँकेशी हप्ते बांधून घेण्याबद्दल बोलावं, आणि गोड बोलणाऱ्याच्या पंधराशेला भुलू नये.

आता काउंटरवरची मुलगी. ताई, तिला फॉर्ममागं काहीतरी मिळालं असेल आणि ते सहा वर्षांपूर्वीच खर्च झालं असेल. ती आज तिथं असण्याचीही शक्यता कमी. पण तुमच्या कार्डावर तीन हजारांवर पॉइंट साचलेत असं तुम्ही लिहिलंय, आणि खातं मिटलं की ते बहुतेक ठिकाणी बुडतात. तेव्हा बंद करण्याच्या आधी एकदा नगर रोडला जा, नव्या घराच्या पडद्यांचं माप घेऊन. पॉइंटांत बसतील तेवढेच घ्या. काउंटरवर नवी मुलगी असेल, ती विचारेल, ‘मॅडम, आमचं कार्ड आहे का?’